आधी वाचून दाखवणारी ताई

आमच्या दैनिकात ती आली तेव्हा तिला सगळे नुसतं 'ताई' म्हणत. तिचं 'वाचूताई' हे बारसं मी केलं, गुन्हा कबूल. मी तिथला मुद्रितशोधक. दुसऱ्यांच्या चुका काढायचा पगार घ्यायचो, चहाटळपणा फुकट करायचो.

तिचा पहिला मोठा लेख एका इस्त्रीवालीवर होता. बिचारी, असहाय, फाटका संसार... वाचताना माझेसुद्धा डोळे पाणावले, आणि मी काही सहज पाणावणारा माणूस नाही, हवं तर बायकोला विचारा. आठवड्याभरात इस्त्रीवाली थेट कचेरीत हजर. ताईच्या टेबलावर गाठोडं आपटून म्हणाली, "हे घे! तुझा पेपर वाचल्यापासून लोक मला जुने कपडे आणून देतात. इस्त्रीला कुणी टाकत नाही. मी भीक मागितली होती का गं?"

ताईचा चेहरा बघवेना. त्या दिवसापासून नियम झाला: ज्याच्याबद्दल लिहायचं, त्याला छापण्याआधी वाचून दाखवायचं. गरिबांवर आणि त्यांच्या वाट्याला न येणाऱ्या गोष्टींवर तीस वर्षं लिहिलं, पण नियम सोडला नाही. संपादक कपाळ बडवून घ्यायचे. "मंत्र्याला दाखवत नाहीस, मग मोलकरणीला कशाला?"

"मंत्र्याचा खुलासा तुम्ही पहिल्या पानावर छापता. तिचा छापाल?"

खरी कसोटी लागली नळाच्या बातमीला. एका वस्तीचं पाणी महिनाभर बंद आणि समोरच्या उंच इमारतीच्या बागेत रोज फवारे. त्या इमारतीत धुणीभांडी करणाऱ्या एका मावशींनी आतलं सगळं सांगितलं होतं, नाव न छापायच्या बोलीवर. पान संध्याकाळी सहाला छपाईला सुटायचं. पाच वाजता ताई कागद घेऊन निघाली.

"सहाला एक मिनिट जरी उशीर झाला ना, तर तुझ्या जागी साबणाची जाहिरात टाकीन!" संपादक ओरडले.

"खुशाल टाका. तिची नोकरी घालवून मला बातमी नको."

मावशी बसथांब्यावर भेटल्या. ताईने उभ्या उभ्या वाचलं. मावशी मान डोलावत होत्या, मध्येच थबकल्या. "ते रंगीत माशांच्या टाकीचं पाणी रोज बदलतात, ते काढ."

"मावशी, मथळाच त्यावर आहे हो!"

"असू दे. अख्ख्या इमारतीत टाकी एकच आणि ती धुते मी. मग कोण बोललं, हे कळायला कितीसा वेळ लागतोय?"

ताईने तिथेच, कागदाखाली पर्स पाटीसारखी धरून, मासे खोडले. सहाला दोन मिनिटं कमी असताना धापा टाकत कचेरीत. संपादकांनी कागद पाहिला. "मासेच गेले? मग बातमीत उरलं काय?"

"पाणी," ताई म्हणाली. नवा मथळा तिने माझ्याच टेबलाच्या कोपऱ्यावर लिहिला.

आठव्या दिवशी वस्तीच्या नळाला पाणी आलं. ते सांगायला मावशी स्वतः आल्या, पण त्यांचं हसू दुसऱ्याच गोष्टीचं होतं. बातमी आली त्या सकाळी टाकीवाल्या बाईंनी त्यांना समोर उभं करून, तोंडाकडे टक लावून, ती पहिल्यापासून शेवटपर्यंत मोठ्याने वाचली होती. कोण फितूर झालंय ते चेहऱ्यावरून ओळखायला!

"मग?" ताईचा जीव टांगणीला.

"मग काय, फडकं हातात धरून ऐकलं सगळं. बाई मध्ये एक ओळ गाळून पुढे गेल्या," मावशी म्हणाल्या, "पण म्हटलं, आपण कशाला सांगा?"