तीनदा करून पाहिलं

शुभांगी दीदीला मी कधी स्वस्थ बसलेलं पाहिलं नाही. नवा रायपूरच्या आमच्या ऑफिसात ती शेजारच्या टेबलावर. तिचा पाय हलला की माझ्या कपातला चहाही हलायचा. मी वैतागायचो. "मशीन चालू आहे भैया, तं पाय बी चालनच," ती म्हणायची.

जिल्ह्यांतली आमची कार्यालयं व्हीपीएनने, म्हणजे इंटरनेटवरच्या एका बंदिस्त वाटेने, मुख्य ऑफिसला जोडलेली. ही वाट सारखी तुटायची, आणि तुटली की फोन दीदीलाच. वर्ध्याला तिची आई एकटी. या फोनांपायी आईच्या डोळ्याचं ऑपरेशन दोनदा पुढे ढकललं गेलं.

शेवटी दीदी चिडली आणि स्क्रिप्ट, म्हणजे संगणकाला द्यायच्या सूचना, लिहायला बसली. वाट तुटली की संगणकाने आपणच ती पुन्हा जोडायची. साहेब महागडं सॉफ्टवेअर आणायला निघाले होते. दीदी म्हणाली, "विकत काहून घ्याचं? विंडोजमंदीच सगळं आहे, फक्त सांगून ठेवाचं." नेमून दिलेली कामं आपोआप करणाऱ्या टास्क शेड्युलरमध्ये तिने ते लावून दिलं. फोन थांबले आणि ती आईच्या ऑपरेशनसाठी रजेवर गेली. जाताना नियमाप्रमाणे व्हीपीएनच्या खात्याचा पासवर्डही बदलून गेली, शहाणी.

जुना पासवर्ड स्क्रिप्टच्या पोटात तसाच होता. दुसऱ्या सकाळी सगळे संगणक तोच घेऊन दार ठोठावत राहिले आणि खातं लॉक झालं. मी फोन लावला तेव्हा ती आईजवळ दवाखान्यात होती. जिन्यात उभं राहून तिने मला एकेक ओळ सांगितली. काम झालं, पण ती परत गेली तोवर आईला आत नेलं होतं. आई विचारत होती म्हणे, "माही पोट्टी कुठं गेली?"

रजेवरून परतल्यावर हे मला सांगताना तिचा पाय हलत नव्हता. मला फार वाईट वाटलं.

मग तिने स्क्रिप्टमध्ये भर घातली: तीनदा प्रयत्न, नाही जमलं तर थांबायचं आणि माझ्या मोबाइलवर निरोप पाठवायचा. "त्याले तरी थांबता आलं पाहिजे. मले तं येत नाही." थोड्याच दिवसांत तिने नोकरी सोडली आणि कायमची वर्ध्याला गेली.

परवा तो निरोप आला, तिच्याच शब्दांत: "तीनदा करून पाहिलं. आता माणूस पाहा." साहेब म्हणाले, "शुभांगी को फोन लगाओ." मी नंबर काढलाही. दुपारची वेळ होती. ती आईच्या डोळ्यांत थेंब घालत असेल. मोबाइल पालथा ठेवला.

"मैं ही देखता हूँ, साहब," म्हणालो आणि तिच्या खुर्चीत जाऊन बसलो.