माठाखालचं कडं

तिकडे आखातात, मनामाच्या सलमानिया भागात माझं गाड्यांच्या सीटा शिवायचं दुकान होतं. सत्तरच्या दशकाच्या शेवटी एक थाई वेल्डर आला आणि माझ्याकडून माणसाएवढी पिशवी शिवून घेतली. आत चिंध्या ठासल्या. टांगायला जागा नव्हती, म्हणून माझ्या मागच्या शेडमध्ये टांगली. अशी त्या थाई कामगारांची, त्यांच्याकडच्या लाथाबुक्क्यांच्या बॉक्सिंगची तालीम सुरू झाली. दर शुक्रवारी सनदच्या कामगारांच्या कॅम्पातून सातआठ जण यायचे आणि त्या बिचाऱ्या पिशवीला तुडवायचे. शिकवणारा तो वेल्डरच. मी त्याला उस्ताद म्हणे.

भिंतीवर खिळ्याला दोरीचं एक कडं असायचं, कापड गुंडाळलेलं, मागे शेपूट. झुंजीआधी उस्ताद ते पोरांच्या डोक्यावर ठेवी. मला वाटे, असेल काही शोभेचं.

एका गुरुवारी मी शेड झाडली. पाण्याचा माठ डुगडुगत होता. कडं दिसलं. आमच्या कोकणात कुणालाही दाखवा, चुंबळच म्हणेल! जमिनीवर ठेवलं, वर माठ बसवला. झकास बसला. मी स्वतःवरच खूश.

दुसऱ्या दिवशी उस्तादाने ते पाहिलं. ओरडला नाही. माठ उचलून बाजूला ठेवला, ओलं कडं दोन्ही हातांत घेतलं, पिशवी आकड्यावरून उतरवली आणि म्हणाला, "खलास."

मीही तापलो. एवढ्याशा दोरीचा एवढा बाऊ? तेव्हा त्यांच्यातला हिंदी येणारा एक जण मागे थांबून म्हणाला, "उस्ताद का उस्ताद दिया. वो मर गया. नीचे रखना मना. अभी ताकद नहीं. तालीम बंद."

माझा राग तिथेच विरघळला. वडिलांनी दिलेला देवाचा टाक कुणी माठाखाली ठेवला असता, तर मी त्याचं डोकंच फोडलं असतं. ह्या माणसाने साधी शिवीही दिली नव्हती. त्याची मला जास्त लाज वाटली. पोरांना आठवड्यातून तेवढाच एक दिवस स्वतःचा होता, आणि तो मी घालवला होता.

पुढच्या शुक्रवारी शेड रिकामी. मला राहवेना. मनामाच्या बाजारातून नारळ घेतला आणि पिकअप काढून कॅम्पावर गेलो. त्यांच्या खोलीत सगळ्यात उंच फळीवर कडं होतं. खाली बाकड्यावर उस्ताद बसलेला, भोवती पोरं. मला बघून उठला.

माफी कुठल्या भाषेत मागायची? आम्हा दोघांत सामाईक ते बाजारातले चारदोन अरबी शब्द. मला एकच रीत ठाऊक होती. चप्पल काढली, नारळ फळीखाली ठेवला, हात जोडले आणि गावच्या देवळात घालतात तसं गाऱ्हाणं घातलं.

"म्हाराजा, माका कळूक नाय. चुंबळ म्हणान तुका जमनीर ठेवलंय. चूकभूल पदरात घे, आणि ह्यांचो आखाडो परत सुरू कर रे म्हाराजा!"

इतकं झालं की देवळात सगळा गाव एका सुरात 'व्हय म्हाराजा' म्हणतो. त्याशिवाय गाऱ्हाणं पुरं होत नाही. खोलीत कुणाला एक अक्षर कळलं नव्हतं. मी डोळे मिटून तसाच उभा.

मग शेजारी कुणीतरी येऊन उभं राहिलं. डोळे उघडले, तर उस्ताद. हात जोडलेले, मान खाली.

"इंशाल्ला," तो म्हणाला.