लाभ, दोन, तीन

ही गोष्ट मी कोणाजवळच काढली नव्हती. नवऱ्याजवळ नाई, बहिणीजवळ तर नाईच. गेल्या आठवड्यात जिले सांगायची तिले सांगितली, अन् आता तुमच्याजवळ बोलताना जीभ अडखळत नाई. म्हणजे — थोडी अडखळते. पण चालते.

मी चौथी शिकलेली. पुढचं सगळं शिकली ते सुनंदाच्या पुस्तकांतून. सुनंदा माझ्या बहिणीची पोरगी. शाळेसाठी आमच्याकडे, राजुऱ्याजवळच्या गावी राहायची. ती मोठ्यानं वाचायची, मी तांदूळ निवडता निवडता ऐकायची. गावात धान मापायले मलेच बोलवत, हिशेब चुकत नाई म्हणून. बाया थट्टेनं मास्तरीणबाई म्हणायच्या. मले ते आवडायचं — खोटं कशाले बोलू?

सुनंदा नववीत होती. शाळेतून एकाच लेकराले तालुक्याच्या विज्ञान प्रदर्शनात पाठवणार होते, अन् सरांनी हिचा प्रयोग निवडला होता. वरून पडणाऱ्या दगडाचा सरासरी वेग काढायचा. अंतर भागिले वेळ, बस. पाण्याच्या टाकीवरून तिनं दोर सोडून मापला, वीस मीटर भरला. मग ती वर, दगड घेऊन. मी खाली, भिंतीवरचं घड्याळ मांडीवर घेऊन. ती वरून 'सोडला' म्हणायची अन् मी काट्याच्या टिकटिकीवर मोजायची.

कशी मोजायची? धान मापतो तशी. पहिल्या पायलीले आमच्याकडे एक म्हणत नाईत, लाभ म्हणतात. तर दगड सुटला की लाभ, मग दोन, मग तीन — अन् धप्प. दर खेपेले तीनच. तीन सेकंद, मी सांगितलं. तिनं विसाले तीननं भागलं अन् वही सरांले देऊन आली.

त्याच दिवशी शेजारणीचं धान मापत होती. लाभ म्हटलं अन् हात थांबला. इथी लाभ म्हणते तेव्हा एक पायली पोत्यात पडलेली असते. पण दगड सुटताना लाभ म्हटलं, तेव्हा सेकंद कुठी उलटला होता? तेव्हा तर काहीच झालं नव्हतं. म्हणजे तीन नाई. दोन.

शेजारीण म्हणाली, "काऊन वो मास्तरीणबाई, झोप लागली का?" मी हसली. घरी जाऊन पोरीले सांगू, म्हटलं. जेवताना सांगू, म्हटलं. नाई सांगितलं.

दुसऱ्या दिवशी सरांनी मले शाळेत बोलावलं. दगडाले दोनच सेकंद लागायले पाहिजेत, पोरीनं घरी बसून आकडे भरले, असं त्यांचं म्हणणं. सगळा वर्ग बसलेला. मोजलं कोणी, त्यांनी विचारलं. सुनंदा माझ्याकडे पाहून राह्यली होती. तोंड उघडायले काय लागत होतं हो?

"मले काय समजते, सर? मी घड्याळ धरून बसली होती. मोजलं तिनंच."

पोरगी एक शब्द बोलली नाई. प्रदर्शनात दुसऱ्याले पाठवलं. त्यानंतर तिनं घरात मोठ्यानं वाचणं सोडलं. मी तांदूळ निवडत बसायची, अन् घर कसं — चूप.

आता ती मोहर्लीले असते, सफारीच्या गाडीवर गाइड आहे. गेल्या आठवड्यात मी तिच्याकडे गेली अन् चहा निवायच्या आत सगळं सांगून टाकलं. लाभ ऐकून ती आधी पोट धरून हसली. मग कप खाली ठेवला. मले वाटलं, आता विचारन, शाळेत खोटं काऊन बोलली. ते नाई विचारलं.

"मावशी, मले वाटे मीच दगड उशिरा सोडला असन. तोंडानं 'सोडला' म्हटलं अन् हात तसाच राह्यला असन. म्हणून तर मी बोलली नाई. पण तू तेव्हा सांगाले पाहिजे होतं."

हो, पाहिजे होतं.

परतताना बसमध्ये मले झोप लागली, उतरायचं ठिकाण मागं गेलं. चालत आली तरी पाय दुखले नाईत. माफ कर, असं मी तिले म्हटलं नाई. माफ करायचं ओझं तिच्यावर टाकायचं नव्हतं. एवढंच तिच्यासमोर म्हटलं, तेच तुमच्यासमोर म्हणते. वीस भागिले दोन, सेकंदाले दहा मीटर. पोरीचा हात वेळेवर सुटला होता. तीन म्हटलं ते मी.