शेजारच्या खुर्चीतल्या बाई

औरंगपुऱ्यातल्या एका छोट्या हॉलमध्ये प्रायोगिक लघुपट दाखवणार होते. मित्रानं ओढून नेलं म्हणून गेलो. शेजारच्या खुर्चीत साठीच्या पुढच्या एक बाई मांडीवर कापडी पिशवी धरून बसल्या होत्या. पाचोडहून एसटीनं आलेय म्हणाल्या, तेवढंच बोलणं झालं.

दिवे गेले. पडद्यावर ओसरीत बसलेला एक म्हातारा दिसला. त्याबरोबर बाईंनी पायातल्या चपला काढल्या आणि पदर डोक्यावरून घेतला. एसी लागत असेल, असं मला वाटलं.

म्हातारा नुसता बसून होता. बोलेना, हलेना. मागं कुणीतरी जांभई दिली. गप्प बसवत नाही, ही माझी खोडच. मी मोठ्यानं म्हणालो, "काका, जिवंत आहात ना?" हॉलभर हशा पिकला. मला बरं वाटलं.

बाई हसल्या नाहीत, रागावल्याही नाहीत. पडद्यावरची नजर न काढता म्हणाल्या, "बघा की, श्वास घ्यायलेत."

मग मीही बघितलं. सदऱ्याचा खिसा हळूच वर यायचा, खाली जायचा.

दिवे लागले तशी दिग्दर्शक मुलगी धावत आली, बाईंच्या पाया पडली. "आजी, आज आजोबा हवे होते," ती म्हणाली.

मला तोंड कुठं लपवावं कळेना. "माफ करा," कसंबसं म्हणालो.

"असू द्या. इतक्या वर्षांत मी तरी कुठं असं बसून बघितलं यांच्याकडं?" मग त्या मुलीकडं वळल्या. "पुन्हा लावता येतं का गं?"

पडदा पांढराफटक होता. त्यांच्या डोक्यावरचा पदर तसाच होता.