कुलपाला पुरून उरलेली अक्का

दाजींचा फोन आला तेव्हा मी शेलूला लेकाकडे होतो. म्हणाले, "तुझ्या अक्काला उठवतोय, आयकतच नाय." अक्कानं त्यांचं कधीच ऐकलं नव्हतं, म्हणून मी पहिलं हसलो... मग फोनवर ते रडायला लागले. महिना झाला त्याला.

याच दाजींनी काही वर्षांमागं माझ्या बहिणीला घराबाहेर काढलं होतं. कोंडाण्याकडची भातजमीन त्यांना फार्महाऊसवाल्याला द्यायची होती; सातबाऱ्यावर हिचंही नाव, आणि ही सही देत नव्हती. अक्का कोर्टात गेली. कोर्टानं हुकूम दिला, बाईला राहत्या घरात राहू द्या, कोणी अडवायचं नाही. दाजींनी हुकूम कपाळाला लावला, दाराला कुलूप लावलं आणि शेतावर जाऊन बसले. कोर्टाचा बेलीफ यायचा, कुलूप बघायचा, 'घर बंद' लिहून जायचा. शेवटी कुलूप तोडायची परवानगी मिळाली, पण बेलीफ म्हणाला, गावातले दोन पंच पाहिजेत. गाव सगळं दाजींच्या भावकीचं. एकाच्या पायात काटा रुतला, दुसऱ्याची म्हैस व्यायला झाली. मी पहार घेऊन गेलो होतो. चौथी शिकलोय, पण कुलूप कुठं तुटतं ते मला कळतं. बेलीफ म्हणाला, "बाबा, पहार खाली ठेवा. तुम्ही तोडलंत तर तुम्हालाच नेतील." मी खाली ठेवली नाही. खांद्यावर घेऊनच माघारी आलो. ती काय हार नव्हे.

अक्का एवढंच म्हणाली, "धोंडू, चहा पी. गणपती येऊ दे."

गणपतीत दाजींना कुलूप लावता येईना, देव घरात. आणि आमच्याकडे गौर आणायला सवाशीण लागते. तेरडा घेऊन ओढ्यावरून निघाली की घरात शिरेपर्यंत तिनं शब्द बोलायचा नसतो. दाजींनी शेजारणीला विचारलं, तर तिच्याही पायात काटा. मग आळीतल्या सगळ्याच बायांच्या पायांत काटे निघाले. राहिली अक्का. ती गौर घेऊन दारात आली, मागं लंगडणाऱ्या बाया.

"तू कशाला आलीस?"

अक्का गप्प.

"बोल की गं."

गप्पच. मागून दाजींची चुलती म्हणाली, "गौरीला उंबऱ्यावर ताटकळत ठेवतोस व्हय रं? पाय धू." दाजींनी स्वतः तिच्या पायांवर दूधपाणी घातलं. पुढं मला सांगायचे, "एक शब्द बोलली असती तर भांडलो असतो. गप बाईशी भांडायचं कसं?"

विसर्जनाला ते म्हणाले, "गौर चालली, आता तू पण निघ."

"गौर पाव्हणी हाय," अक्का म्हणाली. "मला कोर्टानं धाडलंय."

दुसऱ्या दिवशी तिनं मला पहार घेऊन बोलावलं आणि दाराची कडी, कोयंडा मुळासकट उपटायला लावला. जमीन राहिली. दोघं त्या घरात रोज भांडत राहिली, सुखानं.

परवा गेलो तर दार सताड उघडं. दाजी ओटीवर बसलेले, कुत्रं खुशाल आतबाहेर करतंय. मी म्हटलं, "दाजी, आता कडी बसवून घ्या. मी आणतो."

दाजी उंबऱ्याकडे बघत राहिले... म्हणाले, "नको रं. तिला अडवायचं नाय."