परचुऱ्यांच्या ब्रेकमधली हवा

आमच्या समोरच्या दारात राहणाऱ्या गोपाळकृष्ण परचुऱ्यांना एकच व्यसन आहे. दारू नाही, तंबाखू नाही, पत्तेसुद्धा नाहीत. 'घरच्या घरी' हे त्यांचं व्यसन. टेलिफोन खात्यातून निवृत्त झाल्यापासून तर ते पार हाताबाहेर गेलं आहे. मिक्सर घरच्या घरी, गिझर घरच्या घरी, चपलांचे अंगठे घरच्या घरी, केस कापणं घरच्या घरी. केसांबद्दल मी काही बोलत नाही. मागची बाजू त्यांना दिसत नाही, आम्हाला दिसते. माझा मिक्सर त्यांनी दुरुस्त केल्यापासून त्याचं बटण उलट्या बाजूला फिरवावं लागतं. मी तसं म्हटलं, तर त्यांनी शांतपणे विचारलं, "चटणी होते ना?" होते.

माणूस वाईट नाही. कोणी हाक मारली तर हातातला घास ठेवून येईल, फक्त येताना पाना घेऊन येईल. आम्ही वारज्यात या सोसायटीत राहायला आलो तेव्हापासून मी त्यांना आणि त्यांच्या बायकोला, मंदाकिनीला, ओळखते. मी शाळेत गणित शिकवायचे, मंदा माझ्याच शाळेत ऑफिसात होती. त्यामुळे तिची बाजू मला नेहमी दोनदा ऐकावी लागते, एकदा तिच्या तोंडून आणि एकदा बंद दारातून.

तर गोष्ट त्यांच्या लाल गाडीची. छोटी, जुनी, पण परचुरे तिला रोज सकाळी पुसतात. मंदाला गाडी चालवता येत नाही, पण गाडी घेतली त्या दिवसापासून ती शेजारच्या सीटवर बसून ब्रेक दाबत आली आहे. पुढे रिक्षा दिसली की दाब, स्कूटर आडवी आली की दाब, सिग्नल लांबवर पिवळा दिसला की आधीच दाब. तिच्या उजव्या पायाखालचं मॅट तेवढ्याच जागी झिजून भोक पडलंय. गाडी परचुरे चालवतात आणि मंदा थांबवते, असं मी म्हणते. परचुऱ्यांना हे आवडत नाही, पण मॅट त्यांनी बदललेलं नाही.

मध्यंतरी एका चाकाजवळचा ब्रेकच्या ऑइलचा पाइप खराब झाला. कोपऱ्यावर चांगलं गॅरेज आहे, पण आमच्या परचुऱ्यांनी कधी बाहेर काही दिलंय का? नवा पाइप आणून त्यांनी तो घरच्या घरी बसवला. ऑइल भरलं, हात धुतले आणि संध्याकाळी मंदाला घेऊन फिरायला निघाले. पाइप बसवताना आत शिरलेली हवा काढायची असते, हे मात्र ते विसरले. ऑइलमध्ये हवा राहिली की पायाचा सगळा जोर त्या हवेला दाबण्यातच जातो, चाकापर्यंत काही पोचतच नाही. चांदणी चौकाकडून उतारावरून खाली येताना पुढे सिग्नल लागला, परचुऱ्यांनी ब्रेक दाबला आणि पाय सरळ तळाला गेला. मंदानेही नेहमीप्रमाणे मॅट दाबलं होतं. त्या दिवशी दोघांचे ब्रेक सारखेच निघाले.

परचुऱ्यांनी हँडब्रेक ओढला. त्या गाडीचा हँडब्रेक म्हणजे पत्र्यावरून खिळा ओढल्यासारखा, किर्रर्र करत गाडी थांबली, ती एका शहाळेवाल्याच्या हातगाडीला टेकून. एक शहाळं बॉनेटवर पडलं. कोणालाही खरचटलंसुद्धा नाही. आणि परचुरे म्हणाले, "काही झालं नाही."

हे तीन शब्द त्यांना फार महागात पडले. "जिवाचं बरंवाईट झालं असतं त्याचं मला काही नाही," मंदा मला सांगत होती आणि सांगताना तिचे डोळे भरून आले होते. "पण माझ्या काळजाचं पाणी झालं आणि हे म्हणतात काही झालं नाही. म्हणजे मी कोणीच नाही?" त्या दिवसापासून ती त्यांच्या गाडीत बसेनाशी झाली. भांडण नाही, अबोला नाही. स्वयंपाक, चहा, औषधांच्या गोळ्या, सगळं जागच्या जागी. फक्त बाहेर जायचं म्हटलं की ही रिक्षाने आणि हे मागून गाडीने. ते गाडी अगदी सावकाश चालवायचे, हँडब्रेकवर हात ठेवून, रिक्षा नजरेआड होऊ न देता. डेक्कनला एका लग्नाला दोघं असे गेले आणि मांडवाच्या दारात यजमानांनी परचुऱ्यांना विचारलं, "वहिनी नाही आल्या?" वहिनी त्यांच्या पुढ्यातच रिक्षावाल्याकडून सुटे परत घेत होत्या.

अशात अक्काचं सहस्रचंद्रदर्शन आलं. अक्का म्हणजे मंदाची थोरली बहीण, हडपसरला असते. सगळं गणगोत जमणार होतं आणि मलाही आग्रहाचं बोलावणं होतं. मंदाने जाहीर केलं, "हिरा, आपण दोघी रिक्षाने जाऊ." आदल्या दिवशी सकाळी परचुरे माझ्या दारात उभे राहिले. हातात पाना होताच.

"हिराताई, आपली थोडी मदत हवी होती. ब्रेकमधली हवा काढायचीय. एकट्याने होत नाही ते."

"गॅरेजवाल्याकडे दोन माणसं असतात," मी म्हणाले.

"असतात. पण त्यांनी केलेलं तिला पटेल, मी केलेलं पटणार नाही. आणि मला ते नकोय." त्यांनी पाना या हातातून त्या हातात घेतला. "अक्कांच्या दारात आम्ही वेगवेगळे उतरलो तर लोक हसतील, हसू देत. पण शेजारची सीट रिकामी असली की मला गाडी चालवायला नको वाटतं हो."

आता यावर नाही कसं म्हणायचं? मी खाली गेले.

पार्किंगमध्ये त्यांनी जय्यत तयारी केली होती. चाकांना विटा लावलेल्या, गाडीखाली एक जुनी सतरंजी. मागच्या डाव्या चाकाच्या आतल्या बाजूला एक छोटा पोकळ स्क्रू असतो, त्याला माशांच्या टाकीची पारदर्शक नळी जोडून नळीचं टोक कोकम सरबताच्या रिकाम्या बाटलीत, ऑइलमध्ये बुडवून ठेवलेलं. मला ड्रायव्हरच्या सीटवर बसवलं. काम सोपं होतं. मी पायडल चार-पाच वेळा दाबायचं आणि दाबून धरायचं. मग ते पान्याने स्क्रू सैल करणार, ऑइलबरोबर हवेचे बुडबुडे नळीतून बाहेर येणार, माझा पाय खाली जाणार. ते स्क्रू आवळतील आणि सांगतील, तेव्हाच पाय काढायचा.

"आधी काढला तर?"

"तर बाहेरची हवा परत आत. सगळं मुसळ केरात."

पहिलं चाक झालं, दुसरं झालं. मला बरंच जमायला लागलं होतं. तिसऱ्या चाकाला मी पायडल दाबून धरलं, त्यांनी स्क्रू सैल केला आणि तेवढ्यात दुसऱ्या मजल्यावरच्यांची सून कादंबरी सत्यनारायणाचा प्रसाद घेऊन समोर आली. "काकू, प्रसाद!" आता मला सांगा, प्रसाद काय चपला घालून घ्यायचा? माझ्या आईने पाठीत धपाटा घालून शिकवलेलं आहे. पाय आपोआप उचलला गेला, चपला सुटल्या, मी बाहेर वळून उजवा हात पुढे केला.

गाडीखालून असा आवाज आला की कादंबरी दोन पावलं मागे सरली.

"हिराताई! पाय!"

"प्रसाद आहे!" मी म्हणाले.

मग सतरंजीवरून एक काळा हात बाहेर आला. "माझाही द्या," परचुरे म्हणाले. तो त्यांनी झोपल्या झोपल्या खाल्ला, तोंड पुसलं, त्यामुळे मिशी काळी झाली, आणि म्हणाले की आता पहिल्या चाकापासून परत सुरुवात करायला हवी.

तिथे माझा पारा चढला. एक तर गुडघा दुखत होता, त्यात पहिल्यापासून! "अहो परचुरे, मी काही तुमच्याकडे नोकरीला नाही," असं बरंच काही मी बोलले आणि खाली उतरले. ते सतरंजीवर उठून बसले, पाना मांडीवर. रागावले असते तर मला बरं वाटलं असतं. पण ते नुसतेच शेजारच्या सीटखालच्या झिजलेल्या मॅटकडे बघत बसले.

वर पहिल्या मजल्याच्या गॅलरीत मंदा मेथी निवडत होती, म्हणजे मघापासून एकच जुडी निवडत होती. तिने जुडी ठेवली आणि ती खाली आली. माझ्याकडे न बघता ड्रायव्हरच्या सीटवर जाऊन बसली. एवढ्या वर्षांत त्या सीटवर ती प्रथमच बसत होती. साडी नीट केली, चपला काढून बाहेर ठेवल्या आणि अनवाणी पाय पायडलवर ठेवला.

"बोला. काय करायचं?"

परचुरे परत सतरंजीवर आडवे झाले. "दाब. दाब. अजून दाब. आता धर."

"धरलाय."

"सोड आता. परत दाब."

एका चाकाकडून दुसऱ्या चाकाकडे काम सरकत गेलं. मी बाटली बघत होते. नळीतून आधी बुडबुड्यांची रांगच्या रांग आली, मग एखाददुसरा, मग नुसतं ऑइल. मंदा मध्येच म्हणाली, "मघाशी श्रीखंडात पाय गेल्यासारखं वाटत होतं, आता घट्ट लागतंय." तिसऱ्या चाकाशी कादंबरीच्या सासूबाई तीर्थ घेऊन आल्या. मंदाने ओंजळ पुढे केली, तीर्थ घेतलं, डोक्यावरून हात फिरवला. पाय जिथल्या तिथे. मी दुसरीकडे बघितलं.

शेवटचं चाक. मंदाने दाबून धरलं, परचुऱ्यांनी स्क्रू सैल केला आणि गाडीखालून, तोंड दिसत नव्हतं म्हणूनच बहुधा, त्यांचा आवाज आला. "मंदा, त्या दिवशी मी फार घाबरलो होतो. तुला काही झालं असतं तर... मला तसं बोलता आलं नाही, म्हणून म्हणालो काही झालं नाही. चूक झाली माझी."

मंदाच्या चेहऱ्यावर काय काय आलं ते मी बघितलं. मी तिथे उभं राहायला नको होतं. तिचे ओठ घट्ट मिटले होते, स्टिअरिंगवरचे हात पांढरे पडले होते आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं. पण पाय तिने तसूभरही हलवला नाही.

"आधी स्क्रू आवळा," ती म्हणाली. "मग बोला."

त्यांनी आवळला. "झालं," म्हणत बाहेर येऊ लागले. ती म्हणाली, "नाही झालं. माझ्या पायाला अजून किंचित मऊ लागतंय. परत." परचुऱ्यांनी परत आत सरपटून स्क्रू सैल केला आणि खरंच, एक बारकासा बुडबुडा नळीतून निघून गेला. त्यानंतर मंदाने पायडल दाबून बघितलं, दोनदा, तीनदा, आणि मान हलवली. विटा काढून परचुऱ्यांनी सोसायटीच्या आवारात गाडी फिरवली. मी फाटकाशी पंच म्हणून उभी होते. गाडी प्रत्येक वेळी मी हात दाखवला तिथेच थांबली, आणि मी जरा जास्तच वेळा हात दाखवला.

दुसऱ्या दिवशी मंदा ठेवणीतलं जांभळं लुगडं नेसून खाली आली. मी सवयीने रिक्षा बघायला फाटकाकडे निघाले होते. "कुठे चाललीस?" तिने विचारलं, गाडीचं पुढचं दार उघडलं आणि आपल्या जागी बसली. मी अक्काला द्यायची भेटवस्तू मांडीवर घेऊन मागे बसले. परचुऱ्यांनी उगाचच आरसा तीनदा सारखा केला.

स्वारगेटला बस आडवी आली. मी मागून बघत होते, मंदाचा पाय मॅटवर नेहमीच्या जागी होता, पण दाबला गेला नाही. पूलगेटपर्यंत तिने पाय आखडून घेतले. फातिमानगर यायच्या आत तिची मान एका बाजूला कलली. एवढ्या वर्षांत ही बाई गाडीत कधी डोळा मिटलेली मी पाहिली नव्हती. पुण्याच्या रस्त्यावर, परचुरे चालवत असताना, ती चक्क झोपली.

अक्काच्या हॉलसमोर जरा उतार आहे. परचुऱ्यांनी तिथे गाडी थांबवली, इंजिन बंद केलं आणि बसून राहिले. आतून सनईची टेप ऐकू येत होती, दारातले पाहुणे आमच्याकडे बघून हात हलवत होते. मला उतरायचं होतं, शिवाय सकाळचा दोन वेळचा चहा झालेला होता.

"अहो परचुरे," मी हळूच म्हटलं, "पाय किती वेळ दाबून बसणार? हँडब्रेक ओढा ना."

त्यांनी मान वळवली नाही. "नको," ते कुजबुजले. "त्याचा आवाज फार होतो. उठेल ती."