आज आधी तुम्ही

दुपारी आडवी होते ती झोपायला नाही, नुसती पाठ टेकायला. संध्याकाळी रोममधल्या गुलामांच्या बंडाच्या मालिकेचा शेवटचा भाग डब करायचाय. त्यात ब्रेनस हा ग्लॅडिएटर मरतो आणि त्याची बायको त्याला निरोप देते. तिला मराठी आवाज माझा. ब्रेनसला खांबेट्यांचा होता. ते दिवाळीनंतर वारले. त्यांच्या जागी आलेला नवा माणूस उद्या बोलणार आहे.

पंखा फिरतोय, डोळे मिटतात, आणि मी स्टुडिओतल्या काचेच्या खोलीत अनवाणी उभी आहे. पायाखाली ऊन वाळू. खांबेटे मांडी घालून बसलेत. गळ्यात मफलर, शेजारी थर्मास, त्याला टेकवलेली ढाल.

"अहो, तुम्ही एवढेसे?" मला हसूच येतं. मालिकेत तीन वर्षं नवरा-बायको होतो, पण भेट कधी नाही. ते सकाळी बोलून जायचे, मी संध्याकाळी त्यांचा आवाज कानात घेऊन उत्तर द्यायची.

"ओरडायला उंची कशाला लागते, उज्ज्वलाबाई?"

वाळू आमच्या गच्चीवर पसरली आहे. पापड वाळतायत. पलीकडे सतरंज्यांवर रोमन प्रेक्षक गुपचूप बसलेत. मी सांगून टाकते की आज मला जमणार नाही, कानात कुणीच नाही, आणि मला तुमची फार आठवण येते.

ते झाकणात गरम पाणी ओतून मला देतात. "इतके दिवस तुम्ही माझं ऐकलंत. आज आधी तुम्ही बोला. मी ऐकतो."

मी सवयीने बांगड्यांवर रुमाल गुंडाळू लागते. माईकमध्ये वाजतात ना.

"रुमाल नको. काढा आज."

"त्या निघत नाहीत हो, साबण लावूनसुद्धा."

"बघा तरी."

मी बघते. एकेक करून सगळ्या सहज निघतात.

"अगं, चहा." आमचे हे कप घेऊन उभे आहेत आणि माझ्या हाताकडे बघतायत. मनगट मोकळं आहे. काचेच्या हिरव्या बांगड्या उशीवर नीट रचलेल्या, एकही फुटलेली नाही.

"हे काय? घाल आधी," हे म्हणतात.

"आल्यावर घालते," मी म्हणते. आता भीती वाटत नाही. चहा पिते आणि तशीच निघते. आज आधी मला बोलायचंय, आणि ऐकणारा येऊन बसलाय.